‘शिरकाण’, ‘छळ’ आणि इटलीतला एक उलटा शब्द

मुक्ता :
मंडळी, मुसोलिनीच्या काळातल्या इटालियन ज्यूंवरच्या एका लेखाचं मराठी करते आहे. दोन ठिकाणी अडले. एक म्हणजे, १९३९ मध्ये एका कुटुंबप्रमुखाला सरकारने ‘दिस्क्रिमिनातो’ ठरवलं आणि म्हणून त्याची शेती वाचली, असं त्यात आहे. शब्दकोश सांगतो, ‘ज्याच्याशी भेदभाव झाला तो’. भेदभाव झाला म्हणून शेती वाचली, हे कसं काय? दुसरं म्हणजे, लेखात सगळीकडे ‘पेर्सेकुत्सिओने’ (इंग्रजीतलं ‘पर्सिक्यूशन’) आहे. आपल्या पुस्तकांत ‘ज्यूंचे शिरकाण’ हीच जोडी रूढ आहे. तेच लिहू, की ‘छळ’?

वसंत :
मुक्ताताई, शब्दकोश बरोबर आहे, पण तो इथे उपयोगाचा नाही. त्या काळच्या इटालियन कायद्यात ‘दिस्क्रिमिनात्सिओने’ ही सवलत होती. १७ नोव्हेंबर १९३८ च्या वंशविषयक फर्मानाने आधी सगळ्या ज्यूंवर बंधनं घातली. ‘आर्य’ माणसाशी लग्न नाही, सैन्यात जागा नाही, सरकारी खात्यात, बँकेत, विमा कंपनीत नोकरी नाही, घरात ‘आर्य’ मोलकरीण ठेवायची नाही, ठरावीक मोलापलीकडची जमीन किंवा इमारत बाळगायची नाही, शंभर किंवा जास्त कामगारांचा कारखाना चालवायचा नाही. मग त्यातून काही जणांना वेगळं काढण्याची सोय ठेवली. युद्धात मेलेल्यांची कुटुंबं, जखमी झालेले, शौर्यपदकवाले, १९१९ ते १९२२ दरम्यान मुसोलिनीच्या फॅसिस्ट पक्षात आलेले, अशांनी अर्ज करायचा. मंजूर झाला की माणूस ‘दिस्क्रिमिनातो’, म्हणजे इतर ज्यूंपासून निवडून बाजूला काढलेला. तेव्हा इथे ‘सूट मिळालेला’ लिहा.

मात्र ही सूट किती तोकडी होती, ते वाचकाला कळलं पाहिजे. तिने वाचत होती ती मुख्यतः मालमत्ता. सरकारी नोकरी परत मिळत नव्हती, मुलांना सरकारी शाळेत घेत नव्हते. पहिल्या महायुद्धात इटलीसाठी लढून पदक मिळवलेल्या माणसाने त्या पदकाचे कागद जोडून स्वतःचीच जमीन राखण्यासाठी अर्ज करायचा! आणि असे अर्ज हजारोंनी आले. याचा मला फार त्रास होतो. कायदा अन्यायाचा आहे हे ठाऊक असूनही माणसाला त्याच कायद्याच्या दारात ‘मी इतरांसारखा नाही’ म्हणून उभं राहावं लागलं. भाषांतरात नुसतं ‘सूट’ लिहून पुढे जाऊ नका, अर्ज, पुरावे, मंजुरी हे सगळं येऊ द्या.

आता ‘शिरकाण’. हा शब्द ऐकला की मुडद्यांचा खच दिसतो. १९३८ च्या इटलीत मुडदे नव्हते, कागद होते. २२ ऑगस्ट १९३८ ला ज्यूंची वेगळी गणना झाली, नावा-पत्त्यानिशी. ५ सप्टेंबरला शाळांचं फर्मान निघालं. त्यावर सही राजा व्हिक्टर इमॅन्युएल तिसरा याची. मिलानमधली आठ वर्षांची लिलियाना सेग्रे हिला घरच्यांनी सांगितलं, आता तुला शाळेत जाता येणार नाही. हा छळ आहे, शिरकाण नव्हे. सप्टेंबर १९४३ मध्ये जर्मनांनी उत्तर आणि मध्य इटलीचा ताबा घेतला, उत्तरेत मुसोलिनीचं नवं सरकार बसलं, आणि ३० नोव्हेंबरला त्याच सरकारच्या गृहखात्याने ज्यूंना पकडण्याचा हुकूम काढला. ३० जानेवारी १९४४ ला तीच लिलियाना, तेरा वर्षांची, वडिलांबरोबर मिलान स्टेशनवरून ऑशविट्झच्या मृत्युछावणीत पाठवली गेली. वडील परत आले नाहीत. हे शिरकाण.

इतिहासकार मिकेले सार्फात्ती यांनी ही फाळणी नेमकी मांडली आहे : १९३८ ते ४३ हक्कांचा छळ, १९४३ ते ४५ जिवांचा छळ. सरसकट ‘शिरकाण’ लिहिलं की पहिली पाच वर्षं पुसली जातात, आणि ती इटालियन सरकारने कोणाच्या बंदुकीच्या धाकाशिवाय आणली होती. ‘हिटलरच्या दबावामुळे’ हे जे आपल्याकडे सर्रास लिहितात, ते कृपा करून टाळा. जर्मनीने असे कायदे मागितल्याचा पुरावा नाही. उलट या पाच वर्षांत तयार झालेल्या आणि जपलेल्या याद्या पुढे धरपकडीला कामी आल्या.

दिगंबर :
वसंतराव, पहिल्या टप्प्याला ‘वाळीत टाकणे’ कसं वाटतं? छळ सासूही करते, साहेबही करतो. वाळीत टाकण्यात सगळ्या समाजाने दार बंद करणं येतं. शाळा बंद, लग्न बंद, चाकरी बंद. अगदी तेच.

वसंत :
चित्र जवळचं आहे, दिगंबरपंत, पण दोन ठिकाणी अडतं. वाळीत टाकणारी जात-पंचायत किंवा गाव असतं, आणि दंड भरून, माफी मागून परत घेण्याची वाट बहुधा उघडी असते. इटलीत माफी मागून किंवा धर्म बदलून सुटायची वाट नव्हती. आई-बाप दोघे ज्यू असले की मूल ज्यू, मग त्याचा बाप्तिस्मा का झालेला असेना. दुसरं, आपल्याकडे २०१६ चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा वाळीत टाकलेल्याच्या बाजूने उभा राहतो. तिथे टाकणारा कायदाच होता, तक्रार कोणाकडे करायची? एखाद्या प्रसंगात, शेजाऱ्यांनी बोलणं टाकलं वगैरे, ‘वाळीत टाकलं’ जरूर लिहावं. एकूण प्रकाराला ‘छळ’च, पण सुटा नको. ‘कायद्याने केलेला छळ’, ‘सरकारी छळ’ असा.

मुक्ता :
दोघांचेही आभार. ‘छळ’ आणि ‘शिरकाण’ सालानुसार वेगळे वापरते. आणखी एक राहिलं. ‘पिएतिस्ता’ म्हणून एका प्राध्यापकावर वर्तमानपत्राने टीका केली, असं आहे. ‘पिएता’ म्हणजे दया ना? मग ‘दयाळू’ ही टीका कशी?

वसंत :
कारण ती शिवीच होती. ज्यू सहकाऱ्याला काढलं म्हणून हळहळणारा, दुकान बंद पडलेल्या ओळखीच्या ज्यूला मदत करणारा, त्याच्यासाठी शब्द टाकणारा, अशा इटालियन माणसाला फॅसिस्ट ‘पिएतिस्ता’ म्हणून हिणवत. परराष्ट्रमंत्री चानो याच्या रोजनिशीत नोंद आहे की, ज्यूंसाठी हळवे होणारे कणाहीन लोक देशात आहेत असं मुसोलिनी राजापाशी म्हणाला, तेव्हा त्यातला एक मीही, असं राजाने उत्तर दिलं. फर्मानांवर सह्या मात्र त्याने सगळ्या केल्या.

‘दयाळू’ने यातलं काहीच येत नाही. मराठीत यासाठी नेमका शब्द आहे : पुळका. ‘ज्यूंचा पुळका येणारा’ असं लिहा. तो उच्चारताना ओठ कसा वाकडा होतो, ते वाचकाला आपोआप ऐकू येईल.