मदत हवी आहे: लीफलेटच्या नकाशावर एसव्हीजी मार्कर विहिरीवरून सरकतो

नमस्कार मंडळी,

आमचं गाव दर्यापूर तालुक्यात, पूर्णेच्या खोऱ्यात, म्हणजे ऐन खारपाणपट्ट्यात. इकडे कुणी बोअर मारला की पाणी किती फुटांवर लागलं हे नंतर, आधी गोड लागलं की खारं हेच विचारतात. यंदा उन्हाळ्यात आम्ही तिघा मित्रांनी टीडीएस (पाण्यात विरघळलेले क्षार) मोजायचं मीटर घेऊन गावशिवारातल्या विहिरी, बोअर आणि हापश्या मिळून दोनशेवर जागा मोजल्या. अक्षांश-रेखांश फोनवरच घेतले. आता हे सगळं लीफलेटच्या (वेबपानावर नकाशा दाखवणारी कोडची लायब्ररी) नकाशावर, खाली उपग्रहाचं चित्र ठेवून, गावाला दाखवायचं आहे. १५ ऑगस्टच्या ग्रामसभेत पडद्यावर लावायचं ठरलंय.

लीफलेटची निळी पिन सगळ्या जागांना सारखीच लागते. म्हणून इंकस्केप या चित्रं काढायच्या सॉफ्टवेअरमध्ये थेंबाच्या आकाराचं चिन्ह काढलं, खाली टोक असलेलं. पीएनजी करून पाहिलं तर फोनवर कडा फुगीर दिसायच्या, म्हणून एसव्हीजीच (मोठं केलं तरी न फुटणारं, रेषांचं चित्र) ठेवलं. आकार ४० बाय ४० पिक्सेल दिला. इथवर ठीक.

अडचण पहिली आणि सगळ्यात मोठी. शेजारच्या काकांना त्यांची विहीर दाखवली. त्यांनी बोटांनी नकाशा लहान केला आणि म्हणाले, "हे तं माह्या वावरात नाई राजा, धुऱ्याच्या पल्याड दाखोते." खरंच होतं. पूर्ण जवळ जाऊन पाहिलं तर थेंब विहिरीच्या थोडा खाली, आणि लांबून पाहिलं तर दुसऱ्याच्या वावरात. धुऱ्यावरून (बांधावरून) आधीच कोर्टात तारखा चालू आहेत, त्यात माझ्या नकाशाने भर नको.

दुसरी: टीडीएसप्रमाणे थेंबाचा रंग बदलायचा आहे. सीएसएसमध्ये (पानाची सजावट ठरवणारा कोड) फिल, म्हणजे आतला रंग, दिला, काहीच फरक नाही.

तिसरी: मार्करवर बोट ठेवलं की तो मोठा व्हावा म्हणून गेटएलिमेंटने मार्कर पकडून त्याच्या स्टाइलमधल्या ट्रान्सफॉर्मला (घटक हलवायची, लहान-मोठा करायची सूचना) स्केल १.४ दिलं. मार्कर थेट नकाशाच्या डाव्या वरच्या कोपऱ्यात उडाला!

दोन रात्री यात गेल्या. जाणकारांनी वाट दाखवावी.

प्रतिसाद १

भाऊ, काम फार मोलाचं करताय. पहिल्या अडचणीचं उत्तर आयकॉनअँकर. चिन्हाचा कुठला बिंदू जमिनीवर टेकवायचा ते तिथे सांगायचं असतं, आणि तो मोजायचा चिन्हाच्या डाव्या वरच्या कोपऱ्यापासून. तुम्ही फक्त आयकॉनसाइझ दिलंय, त्यामुळे लीफलेट चिन्हाचा मध्य विहिरीवर ठेवतो आणि टोक २० पिक्सेल खाली लोंबतं.

आता हिशेब करा. तुमच्या अक्षांशावर १८ व्या झूमला एक पिक्सेल म्हणजे साधारण ५६ सेंटीमीटर. २० पिक्सेल म्हणजे ११ मीटर. १५ व्या झूमला तेच २० पिक्सेल जवळजवळ ९० मीटर होतात. मार्कर सरकत नाहीच, पिक्सेलची चूक तेवढीच राहते, तिच्याखालची जमीन वाढत जाते. काकांना धुऱ्यापल्याड दिसलं ते यामुळे. अँकर २०, ४० द्या. लीफलेटची स्वतःची पिन २५ बाय ४१ असते आणि तिचा अँकर १२, ४१ असतो, तोच हिशेब.

धागाकर्ता

दादा, अँकर २०, ४० दिला. बराच फरक पडला, पण टोक अजून पाच-सहा पिक्सेल वर राहतंय. का?

प्रतिसाद १

चित्राभोवती मोकळी जागा राहिली असणार. इंकस्केप सुरुवातीला ए४ चं पान देतं आणि आपण त्यावर कुठेतरी काढतो. पानाचा आकार चित्राएवढा करून पुन्हा सेव्ह करा. मग एसव्हीजीची फाइल साध्या एडिटरमध्ये उघडून व्ह्यूबॉक्सचे (चित्राच्या चौकटीचे) चार आकडे बघा. थेंबाचं टोक त्या चौकटीच्या तळाला टेकलेलं हवं. हे न करता अँकरच्या आकड्यांशी झटत बसलात, तर चिन्हाचा आकार बदलला की तेच दुखणं परत.

प्रतिसाद २

रंगाचं मी सांगते. तुम्ही एसव्हीजी आयकॉनची फाइल म्हणून देताय, म्हणजे ब्राउझर तिला इमेज म्हणून लावतो. इमेजच्या आत पानाचं सीएसएस पोचत नाही. त्याऐवजी डिव्हआयकॉन (लीफलेटचं एचटीएमएलमधून बनणारं चिन्ह) घ्या आणि एसव्हीजीचा मजकूर सरळ एचटीएमएलमध्ये टाका. थेंबाच्या फिलला करंटकलर लिहा, मग बाहेरच्या घटकाचा कलर बदलला की थेंब रंगतो. क्लासनेम स्वतःचं द्या, नाहीतर प्रत्येक थेंबामागे पांढरी चौकट येईल.

स्केलचं कारणही याला लागूनच आहे. लीफलेट मार्करला जागेवर नेतो तोच मुळी ट्रान्सफॉर्मने. तुम्ही त्यावर स्केल लिहिलंत, त्याचा पत्ता पुसला गेला, म्हणून तो कोपऱ्यात. बाहेरच्या घटकाला हातच लावू नका. स्केल आतल्या एसव्हीजीला द्या आणि ट्रान्सफॉर्म-ओरिजिन मध्य-तळ ठेवा. थेंब वरच्या बाजूने फुगेल, टोक विहिरीवरून हलणार नाही.

आणि नुसत्या रंगावर राहू नका. लाल-हिरवा ज्यांना वेगळा कळत नाही अशी माणसं प्रत्येक गावात असतात, शिवाय मे महिन्याच्या उन्हात फोनवर रंग कुणालाच धड दिसत नाहीत. भारतीय मानक आयएस १०५०० प्रमाणे टीडीएस लिटरला ५०० मिलिग्रॅमपर्यंत चालतो, दुसरा स्रोतच नसेल तर २००० पर्यंत. त्यावरून तीन टप्पे करा (५०० पर्यंत, २००० पर्यंत, त्याच्या वर): भरलेला थेंब, अर्धा थेंब, आणि वरून काट मारलेला थेंब. टीडीएसमध्ये फ्लोराइड किंवा नायट्रेट वेगळं कळत नाही, म्हणून भरलेल्या थेंबाला "पिण्यास योग्य" असं मात्र लिहू नका, "गोड" लिहा.

प्रतिसाद ३

गडचिरोलीकडून. मालगुजारी तलाव आणि बोड्या नकाशावर मांडताना आम्हालाही हेच भोगावं लागलं. एक सांगतो, अँकर बरोबर झाला तरी फोनच्या जीपीएसची पाचेक मीटरची चूक उरतेच. जिथे विहीर धुऱ्याला लागून आहे तिथे मार्कर ड्रॅगेबल (ओढून हलवता येणारा) करा, उपग्रहाच्या चित्रावर विहिरीचं कठडं बघून हाताने बसवा आणि नवे आकडे जपून ठेवा. दोन्ही शेजाऱ्यांना समोर बसवून केलं तर आणखी चांगलं. दोनशे डिव्हआयकॉन साधा फोनही पेलतो, क्लस्टर (जवळचे मार्कर एकत्र दाखवणं) वगैरेच्या नादी लागू नका. लोकांना आपली विहीर सुटी दिसायला हवी.

धागाकर्ता

सगळ्यांचे मनापासून आभार. पान चित्राएवढं केलं, डिव्हआयकॉनवर गेलो, स्केल आत घेतलं. तिन्ही अडचणी सुटल्या. ताई, काट मारलेला थेंब आईला न सांगता कळला, "इथलं खारं ना?" म्हणाली. दहा-बारा विहिरी धुऱ्यालगत आहेत, त्या या रविवारी दोन्हीकडच्या मंडळींना घेऊन हाताने बसवणार आहोत.

एकच राहिलं. थेंबावर टिचकी मारली की माहितीची चौकट थेंबावरच येऊन बसते.

प्रतिसाद २

पॉपअपअँकर द्या: ०, उणे ३६. हे आकडे आयकॉनअँकरपासून मोजतात, म्हणजे टोकापासून ३६ पिक्सेल वर. काकांची विहीर आता कुठे दिसते तेही कळवा.

धागाकर्ता

जमलं. काकांनी तीनदा लहान-मोठं करून पाहिलं. त्यांच्याच वावरात आहे, बाभळीजवळ.