कॅसावेटीस आणि 'उत्स्फूर्त' संवाद
अमेरिकन दिग्दर्शक जॉन कॅसावेटीसच्या सिनेमात नट मनाला येईल ते बोलतात आणि कॅमेरा नुसता मागे फिरतो, असं बरेच जण म्हणतात. मला ते निम्मंच पटतं. या समजाला तो स्वतःही जबाबदार आहे म्हणा. 'शॅडोज' या त्याच्या पहिल्या सिनेमाच्या शेवटी त्याने पडद्यावर चक्क लिहूनच टाकलं की तुम्ही आत्ता पाहिलात तो सिनेमा उत्स्फूर्त होता. पण १९५८ मध्ये दाखवलेली पहिली आवृत्ती त्याला रुचली नाही. मग बरेच प्रसंग नव्याने चित्रित केले, आणि त्यातले पुष्कळसे आधी लिहून. आज आपण पाहतो ती ही १९५९ची दुसरी आवृत्ती. 'फेसेस' (१९६८) तर घरात, १६ मिमी फिल्मवर, कृष्णधवल चित्रित केलेला. बघताना कुणाच्या तरी दिवाणखान्यात चोरून बसल्यासारखं वाटतं, आणि त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं ते पटकथेसाठी! (सहाय्यक अभिनयाची दोन होती, ती वेगळी.)

'अ वुमन अंडर द इन्फ्लुएन्स' सुरुवातीला त्याची बायको, अभिनेत्री जीना रोलंड्स हिच्यासाठी नाटक म्हणून सुचलं होतं. रोज रात्री हे करणं झेपणार नाही, असं तिने सांगितल्यावर त्याचा सिनेमा झाला. म्हणजे शब्द कागदावर होतेच. मोकळीक होती ती ते कसे उच्चारायचे, कुठे अडखळायचं, खोलीत कुठे जायचं याची. कॅमेऱ्याच्या सोयीसाठी नटांना जमिनीवर आखलेल्या खुणांवर उभं करणं त्याला मानवत नसे. म्हणूनच कधीकधी फोकस सुटतो, आणि मला तरी तो सुटलेलाच आवडतो.