तीस सेकंदांच्या हिशेबात गाण्याचा सुरुवातीचा वाद्यमेळ टिकेल का?

तबकडी:
स्पॉटिफाय या गाणी ऐकवणाऱ्या ॲपवर गाणे किमान ३० सेकंद वाजले, तरच ते ऐकले गेल्याचे धरले जाते. आणि २०२४ पासून, ज्या ध्वनिमुद्रणाला १२ महिन्यांत १,००० श्रवणेही मिळत नाहीत, त्याला मानधनाच्या वाटपात जागाच नाही. हे ठाऊक असलेला संगीत संयोजक सुरुवातीचा सतारीचा किंवा बासरीचा तुकडा ठेवताना दहा वेळा विचार करणार. भावगीतात हा तुकडा शोभेसाठी नसतो. शब्द येण्यापूर्वी श्रोत्याचे मन गाण्याच्या भावात स्थिरावावे, ही त्याची कामगिरी असते. कंटाळून पुढचे गाणे लावणाऱ्याची अधीरता आता चाल बांधणाऱ्याच्या खोलीपर्यंत पोहोचली आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

मिरजकर:
साधनाने कलेला मुरड घालणे यात नवे काय आहे? ७८ आरपीएमच्या, म्हणजे मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या, तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटे मावत आणि अब्दुल करीम खाँसाहेबांनाही रागाचा विस्तार तेवढ्यातच बसवावा लागला. तरीही त्या तबकड्या आजही अभ्यासल्या जातात. शिवाय गाण्यांची निवड ॲपमधील यंत्रणेऐवजी माणसांच्या हाती होती तेव्हा फार उदारपणा होता, असेही नाही. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर १९५२ मध्ये नभोवाणी मंत्री झाले, त्यांच्या काळात आकाशवाणीवर चित्रपटगीतांना कात्री लागली आणि श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. आज सांगलीतला किंवा न्यू जर्सीतला मराठी माणूस मध्यरात्रीही हवे ते नाट्यपद लावू शकतो. त्यासाठी कोणा मंत्र्याची अभिरुची आड येत नाही.

तबकडी:
उदाहरण चांगले आहे, पण ते माझ्याच बाजूचे आहे. चित्रपटगीतांबाबतचा तो निर्णय कोणाचा, हे सर्वांना माहीत होते. त्याला जाब विचारता येत होता आणि अखेर १९५७ मध्ये विविध भारती सुरू करावीच लागली. ॲपवर पुढच्या गाण्याची शिफारस करणाऱ्या यंत्रणेत कशाला किती वजन आहे, हे श्रोत्याला दिसत नाही आणि गायकालाही नाही. तबकडीची मर्यादाही सर्वांना सारखी होती. कोणी कुठे कंटाळला याची नोंद ती ठेवत नव्हती.

निवेदिका:
दोघांच्याही नजरेतून एक गोष्ट सुटते आहे. आकाशवाणीवर गाण्यापूर्वी कवी, संगीतकार आणि गायक यांची नावे सांगण्याची पद्धत होती. ॲपच्या पडद्यावर ठळकपणे दिसते ते बहुधा गायकाचे नाव. कवी शोधायचा तर तीन ठिपके दाबून श्रेयनामावली उघडावी लागते आणि जुन्या मराठी गाण्यांच्या बाबतीत ती अनेकदा अपुरी निघते. त्यातच साठच्या दशकातले गाणे एखाद्या संकलनातून चढवलेले असेल, तर त्यावर वर्ष संकलनाचे दिसते. अशा नोंदींवर पोसलेली यंत्रणा एका कवीच्या गाण्यावरून त्याच कवीच्या दुसऱ्या गाण्याकडे नेणार कशी?

मिरजकर:
हा दोष नोंदी भरणाऱ्या ध्वनिमुद्रण कंपन्यांचा आहे. तो यंत्रणेच्या माथी मारणे अन्याय्य आहे. श्रेय नीट भरले, तर हीच यंत्रणा विस्मरणात गेलेल्या कवीला नवे श्रोते मिळवून देऊ शकेल.

तबकडी:
भरण्याचा खर्च करील कोण? प्रचलित पद्धतीत वर्गणी आणि जाहिरातींचे पैसे एकत्र जमा होतात आणि एकूण श्रवणांतील वाट्यानुसार वाटले जातात. म्हणजे महिनाभर केवळ मराठी भावगीते ऐकणाऱ्याची वर्गणीही बव्हंशी अन्य लोकप्रिय संगीताकडे जाते. साउंडक्लाउड या अशाच दुसऱ्या सेवेने २०२१ मध्ये श्रोत्याचे पैसे त्याने ऐकलेल्या कलावंतांनाच देण्याची पद्धत स्वतंत्र कलावंतांसाठी आणली. मराठीसारख्या मर्यादित पण निष्ठावान श्रोतृवर्गाला ती अधिक न्याय्य ठरेल.

मिरजकर:
वाटपाबाबत तुमच्याशी सहमत आहे. मात्र त्या पद्धतीतही प्रथम कोणीतरी ते गाणे लावावे लागेल, आणि नव्या श्रोत्यापर्यंत ते नेण्यासाठी शिफारशीखेरीज दुसरा कोणता मार्ग आहे, हे आपण अद्याप सांगितलेले नाही.