मा रेनीच्या गाण्यात आपण आजचा अर्थ कोंबतोय का?

मंद्रसप्तक:
ब्लूज, म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं गाणं, गाणाऱ्या जुन्या गायिकांना समलिंगी ठरवणं हा आजच्या लोकांचा उद्योग आहे, असं परवा एकाने ठासून सांगितलं. मला हे मुळीच पटत नाही. त्यातल्याच मा रेनीचं ‘प्रूव्ह इट ऑन मी ब्लूज’ ऐका, पॅरामाउंट या रेकॉर्ड कंपनीची १९२८ची रेकॉर्ड. त्यात ती म्हणते: काल रात्री मैत्रिणींच्या घोळक्यात होते, पुरुष मला आवडत नाहीत, हो, कॉलर-टाय लावते. कुणी पकडलं नाही, सिद्ध करून दाखवा! यात कोंबायला जागा तरी कुठे आहे?

खडीसाखर:
कंपनीची जाहिरात पाहा. हॅट-कोट-टायमधली रेनी मुलींशी बोलतेय आणि पोलीस लांबून टक लावून बघतोय. खळबळ विकायची होती त्यांना. शिवाय गाण्यातली ‘मी’ म्हणजे गाणारी नव्हे. राम जोशींनी बाईच्या तोंडी लावण्या घातल्या, म्हणून त्यांच्या आयुष्याबद्दल आपण काही ठरवतो का?

मंद्रसप्तक:
राम जोशी पुरुष, बोलणारी बाई. तिथे सोंग उघड आहे. इथे गाणं रचलं रेनीने, गायलं रेनीने. आणि ती एकटी नव्हती. १९३५मध्ये ल्युसिल बोगनने ‘बी. डी. वूमन्स ब्लूज’ गायलं, त्यात पुरुषी वागणाऱ्या बायकांना पुरुषांची गरज नाही असं ती सांगते. कोकोमो अरनॉल्डचं ‘सिसी मॅन ब्लूज’ही त्याच सुमाराचं, बाई मिळत नसेल तर बायकी पुरुष तरी धाड, असं तो देवाला विनवतो. या रेकॉर्डी कृष्णवर्णीय गिऱ्हाइकांसाठी निघत. ऐकणाऱ्यांना काय म्हणतायत ते नीट कळत होतं.

सोलापूरकर:
मग ग्लॅडिस बेंटलीचं काय? न्यूयॉर्कच्या हार्लेम या कृष्णवर्णीय वस्तीत पांढरा टक्सिडो (पुरुषी सूट) आणि टॉप हॅट घालून गाणारी ही बाई १९५२मध्ये ‘एबनी’ मासिकात लिहिते, की मी उपचार घेऊन पुन्हा स्त्री झाले. रेनीचं गाणं खरं धरायचं आणि हा लेख खोटा, हे कोणत्या न्यायाने?

मंद्रसप्तक:
काळ बघा ना! समलिंगी म्हणून अमेरिकेत सरकारी नोकऱ्यांवरून माणसं काढत होते तेव्हा. त्या लेखामागे भीती आहे.

सोलापूरकर:
भीती असेलच. पण रेनीच्या ‘सिद्ध करा’मध्येही तीच आहे; ती कबुलीही देते आणि निसटतेही. २०२०च्या ‘मा रेनीज ब्लॅक बॉटम’ या नाटकावरून केलेल्या चित्रपटात तिच्यासोबत ड्युसी मे आहे, नाटककाराने कल्पिलेली मैत्रीण. तिथे लपवाछपवी फारशी नाही. तुमच्यासारखे लोक गाण्यातली फक्त कबुली उचलतात. मला ते निसटणंही ऐकायचंय.