सिगेत महोत्सवावरील माहितीपट दाखवण्यापूर्वी विद्यार्थ्यांना काय सांगावे?

प्रश्न (नांदेड):
आमच्या महाविद्यालयाच्या चित्रपट मंडळात बुडापेस्टच्या सिगेत या रॉक संगीत महोत्सवावरील माहितीपट दाखवायचा आहे. विद्यार्थी बहुतेक लोहा, कंधार, मुखेड या भागांतले असून हंगेरीशी त्यांचा फारसा परिचय नाही. तंबू, चिखल आणि गिटार यांपलीकडचे त्यांना दिसावे, यासाठी प्रास्ताविकात काय घ्यावे?

उत्तर (छत्रपती संभाजीनगर):
सर, सुरुवात १९८९ पासून करावी. तोवर हंगेरीत साम्यवादी पक्षाची सत्ता होती आणि कलेची विभागणी पाठबळ द्यायची, खपवून घ्यायची आणि बंदी घालायची अशा तीन वर्गांत होत असे. बरेचसे रॉक बँड मधल्या वर्गात मोडत, आणि ध्वनिमुद्रिका काढायची तर सरकारी कंपनीशिवाय मार्ग नव्हता. सत्ता गेली, तशी तरुणांची सरकारी सुट्टी-शिबिरेही बंद पडली. ती उणीव भरून काढण्यासाठी संगीतकार पेतर म्युलर आणि कारोय गेरेंदाय यांनी १९९३ मध्ये डॅन्यूब नदीतील ओबुदा बेटावर हा महोत्सव सुरू केला. हे कळल्याशिवाय पडद्यावरची गर्दी इतकी आनंदात का आहे, हे उमगणार नाही.

उत्तर (लातूर):
माहिती योग्य आहे, पण एवढे सगळे आधीच सांगितले तर मुले चित्रपट पाहण्याऐवजी टिपणे काढतील. माझ्या मते कॅमेरा रंगमंचाकडे किती वेळ आहे आणि प्रेक्षकांकडे किती, एवढेच पाहायला सांगावे. अमेरिकेत १९६९ मध्ये झालेल्या वुडस्टॉक या संगीत महोत्सवावरील मायकेल वॉडली यांच्या १९७० च्या ‘वुडस्टॉक’ या माहितीपटात पडदा विभागून दोन्ही बाजू एकाच वेळी दाखवल्या आहेत. सिगेतने तर १९९४ मध्ये वुडस्टॉकचा पंचविसावा वर्धापनच साजरा केला होता. पुढे १९९६ मध्ये महोत्सवाच्या नावात पेप्सी आली. मोकळीक शोधणाऱ्या मेळाव्याला इतक्या लवकर प्रायोजक लागावा, हा प्रश्न जो माहितीपट टाळतो, त्याला मी जाहिरातच म्हणेन.

उत्तर (कंधार):
आपल्या मुलांना माळेगावची खंडोबाची यात्रा ठाऊक आहे. एवढ्या लोकांचे पाणी, शौचालये, कचरा, पुलावरची ये-जा यांची व्यवस्था कोण करतो आणि तो पडद्यावर दिसतो का, असे विचारले तर चर्चा आपोआप रंगेल. सभागृहातला ध्वनिक्षेपक मात्र आदल्या दिवशीच तपासून घ्यावा. ड्रम फाटक्या आवाजात ऐकू आले, तर सगळे प्रास्ताविक वाया जाईल.