मदत हवी आहे: ग्रिड आणि डिस्ट्रिब्युटेड कॉम्प्युटिंगसाठी काय वाचावं?

नमस्कार मंडळी,

अनेक मशीन नेटवर्कने जोडून त्यांच्याकडून मिळून काम करून घेणं, हा विषय गेले काही महिने स्वतःच शिकतोय. तीन मशीनवर एक छोटा प्रोग्राम चालवला आणि लॉग (काय केव्हा घडलं याच्या नोंदी) एकत्र करून पाहिले, तर दुसऱ्या मशीनला निरोप मिळाल्याची वेळ पहिल्याने तो पाठवल्याच्या ४० मिलिसेकंद आधीची! घड्याळं जुळत नव्हती, एवढंच. पण त्यामुळे संगणकशास्त्रज्ञ लेस्ली लॅम्पोर्ट यांचा १९७८चा काळ आणि घड्याळांवरचा शोधनिबंध हाती घेतला. 'आधी घडलं' हे घड्याळाशिवाय कसं ठरवायचं, ते त्यात इतकं स्वच्छ मांडलंय की लागोपाठ दोनदा वाचला.

पुढे पॅक्सॉस या मशीनमध्ये एकमत घडवणाऱ्या अल्गोरिदमपाशी मात्र गाडी अडली. काही मशीन मध्येच बंद पडली तरी उरलेल्यांचं एकमत कसं होतं, हे पायरीपायरीने समजावणारं काही आहे का? की आधी त्याच कामाचा दुसरा अल्गोरिदम, राफ्ट, वाचू?

ग्रिडचं, म्हणजे वेगवेगळ्या संस्थांचे संगणक जोडून वापरण्याचं, दुखणं वेगळं. फॉस्टर आणि केसलमन यांनी संपादित केलेलं 'द ग्रिड' मिळालं. विजेसारखी गणनशक्ती जिथे हवी तिथे मिळावी, ही कल्पना मनापासून पटते, पण त्यातली साधनं जुनी झालीत. सर्न या प्रयोगशाळेतल्या एलएचसी या महाकाय कणवेगवर्धकाचा डेटा तर आजही जगभर पसरलेल्या ग्रिडवरच हाताळला जातो. मग जॉब शेड्युलिंग (कोणतं काम कोणत्या मशीनवर केव्हा चालवायचं) आणि वेगवेगळ्या संस्थांनी एकमेकांचे वापरकर्ते ओळखायचे कसे, यावर अलीकडचं काय वाचावं?

टॅननबॉम आणि व्हॅन स्टीन यांचं डिस्ट्रिब्युटेड सिस्टिम्सवरचं पुस्तक जवळ आहे. गणिताची अडचण नाही. कोड लिहून पाहता येईल असा सराव असेल तर फार बरं.