विषय: रोटोरुआ सहल – कापा हाका बघायला जाताना काय सांगायचं?

नमस्कार मंडळी,

शाळेच्या सुट्टीत आपल्या न्यूझीलंडमधल्याच रोटोरुआची सहल ठरते आहे. पंचेचाळीस जण आहेत, त्यात भारतातून आलेले बरेच आईवडील आणि दहा-बारा मुलं. एका संध्याकाळी तिकिटाचा कापा हाका, म्हणजे माओरी नाचगाण्याचा कार्यक्रम, आणि हांगीचं (जमिनीतल्या खड्ड्यात वाफवलेलं) जेवण, दुसऱ्या दिवशी सकाळी एका माराएवर (माओरी लोकांच्या सभास्थळी) भेट. निघण्याआधी सगळ्यांना एक सूचनापत्र पाठवायचं आहे. जाणकारांनी कृपया नेमकं लिहावं: कपडे, फोटो, शाकाहारी जेवण, कोण पुढे चालणार, सगळंच.

– सहल समिती

---

नमस्कार,

सूचनापत्रात पहिली गोष्ट ही घाला की तिकिटाचा कार्यक्रम आणि माराए हे दोन वेगळे प्रसंग आहेत. 'ते पुइआ', फाकारेवारेवा गाव, मिताई अशा तिकिटाच्या ठिकाणी स्वागताचा विधी आटोपशीर असतो, निवेदक इंग्रजीत समजावून सांगतो आणि चुकलंमाकलं सांभाळून घेतात. माराएवरची पोफिरी, म्हणजे स्वागताचा विधी, ही खरीखुरी, त्यांच्या पूर्वजांसमोर होते. तिथे आपण प्रेक्षक नसतो, 'मानुहिरी' म्हणजे पाहुणे असतो आणि पाहुण्यांकडे कामं असतात. ती आधी वाटून दिली नाहीत तर फाटकाशी गोंधळ होतो.

तिकिटाच्या कार्यक्रमात बहुधा बसमध्ये किंवा दारातच पाहुण्यांमधून एक 'प्रमुख' निवडतात, बहुतेक पुरुष. आपला माणूस आधीच ठरवून ठेवा. गुडघे धड असलेला, गंभीर राहू शकणारा हवा. वेरोमध्ये, म्हणजे पाहुण्यांना दिलेल्या आव्हानात, योद्धा ताइआहा (लांब लाकडी शस्त्र) फिरवत, डोळे वटारत, जीभ बाहेर काढत येतो आणि एक पान किंवा डहाळी जमिनीवर ठेवून मागे सरतो. प्रमुखाने चार पावलं पुढे जायचं, नजर योद्ध्यावरून न काढता सावकाश वाकून ते उचलायचं आणि पाठ न फिरवता मागे यायचं. पाहुणे मैत्रीने आलेत की भांडायला, हे त्या उचलण्यावरून ठरायचं. घोळ होतो तो नेहमी इथेच: मागे कोणीतरी फिदीफिदी हसतं, किंवा मुलं योद्ध्याची नक्कल करून जीभ दाखवतात. मुलांना घरीच नीट सांगा की हे घाबरवणं किंवा विनोद नाही, पाहुण्यांची पारख आहे. चार-पाच वर्षांच्या मुलांना मोठ्यांच्या मधोमध ठेवा, कारण पहिल्या आरोळीला लहान मुलं खरंच दचकून रडतात.

माराएवर फाटकाबाहेर वेळेच्या पंधरा मिनिटं आधी एकत्र जमायचं. आत जाताना गट दाट हवा, बायका पुढे, पुरुष बाजूने आणि मागे. यजमान बाईंची कारांगा, म्हणजे लांब सुरातली हाक, आली की चालायला लागायचं. तिला पाहुण्यांकडच्या बाईने उत्तर द्यायचं असतं. आपल्यात ते कोणाला येत नसेल तर माराएला आठवडाभर आधी कळवा, ते बहुतेक वेळा कोणीतरी सोबत देतात. चालताना बोलायचं नाही, मोबाइल खिशात. मध्ये थोडं थांबतात, ते दिवंगतांसाठी. मागच्यांनी 'का थांबलो' म्हणून पुढच्यांना ढकलू नये.

भाषणांच्या बाकांची पुढची ओळ बोलणाऱ्यांची, आणि ते बहुतेक ठिकाणी पुरुष असतात. आपल्या अध्यक्षा बाई आहेत म्हणून त्यांना पुढे बसवण्याचा आग्रह तिथे धरू नये. त्यांच्या वतीने कोणी बोलावं, आणि त्या स्वतः नंतर जेवणघरात बोलतील असं आधी ठरवावं. यजमानांना हा प्रश्न नवा नसतो, फोनवर विचारलंत तर ते मार्ग काढतात. रोटोरुआचे 'ते आरावा' जमातीचे लोक एक भाषण त्यांचं, एक पाहुण्यांचं अशी आलटून-पालटून पद्धत पाळतात, शेवटचा शब्द यजमानांचा. त्यामुळे आपले वक्ते त्यांच्यापेक्षा जास्त नकोत. बोलणाऱ्याच्या समोरून कोणीही, अगदी पाण्याची बाटली द्यायलासुद्धा, आडवं जायचं नाही.

शेवटी रांगेत होंगी. उजवा हात हातात, डावा खांद्यावर, आणि नाक (कपाळही) हलकेच टेकवायचं, एक श्वास. नाक घासायचं नाही, घाईने मागे व्हायचं नाही. टोपी आधी काढा. सर्दी-खोकला असेल तर हात पुढे करून हस्तांदोलन करा, कोणी वाईट वाटून घेत नाही.

– रोटोरुआ

---

नमस्कार,

वरच्या पत्राला जोड. प्रत्येक भाषणानंतर बोलणाऱ्याच्या बाजूच्यांनी उभं राहून वायाता, म्हणजे गाणं, म्हणायचं असतं, भाषणाला पाठिंबा म्हणून. ते न म्हणता बसून राहणं म्हणजे बोलणाऱ्याला एकटं सोडणं. 'ते आरोहा' हे चार ओळींचं गाणं देशभर बऱ्याच जणांना पाठ असतं, आपल्या बहुतेक शाळकरी मुलांनाही येतं. बसमध्ये मुलांनी आजी-आजोबांना शिकवावं. दोन वक्ते असतील तर दुसऱ्या भाषणामागे आपला एखादा छोटा अभंग चालेल का, हे यजमानांना विचारा. अनेक ठिकाणी पाहुण्यांनी स्वतःच्या भाषेत गायलेलं मनापासून आवडतं. मात्र दोन मिनिटांच्या आत, पेटी-तबल्याशिवाय, आणि सगळ्यांनी मिळून.

कोहा, म्हणजे यजमानांना द्यायची भेट: आपल्या शेवटच्या वक्त्याने भाषण आणि गाणं झाल्यावर पाकीट जमिनीवर ठेवायचं आणि मागे यायचं, मग यजमानांपैकी कोणीतरी येऊन उचलतं. हातात द्यायला जाऊ नका. पाकिटावर मंडळाचं नाव असावं. रक्कम आपण ठरवायची, पण जेवण, मुक्काम, माणशी खर्च हे माराए वेगळं सांगतं का, ते आधी विचारा, नाहीतर दोन्हींची सरमिसळ होऊन त्यांचाच तोटा होतो. तिकिटाच्या कार्यक्रमात कोहा लागत नाही.

फारेनुइ, म्हणजे कोरीव सभागृह, तिथे चपला दाराबाहेर. खाणं-पिणं आत नाही, च्युइंग गमही नाही. पसरलेल्या पायांवरून ओलांडायचं नाही, उशीवर बसायचं नाही, जेवणाच्या टेबलावर टेकायचं नाही. डोकं पवित्र आणि अन्न त्याच्या उलट बाजूचं, म्हणून दोन्ही एकमेकांपासून लांब. ज्येष्ठांना हे आपल्या सोवळ्या-ओवळ्यासारखं म्हणा, लगेच कळेल. एक खास सूचना त्यांच्याचसाठी: कौतुकाने कलाकारांच्या किंवा माओरी मुलांच्या डोक्यावरून हात फिरवायचा नाही, आणि कानशिलाशी बोटं मोडून दृष्टही काढायची नाही. तोंडभरून कौतुक करा, हात नको.

कपडे: माराएवर बायकांना साडी किंवा पायघोळ ड्रेस उत्तम, पुरुषांना पूर्ण विजार. चपला बिनलेसच्या, पायात मोजे, कारण सकाळी फरशी आणि पायऱ्या बर्फासारख्या असतात. रोटोरुआच्या हवेत गंधकाचा वायू आहे. चांदीची जोडवी-पैंजण काळी पडतात, ती घरी ठेवलेली बरी. दम्याच्या लोकांनी पंप खिशात ठेवावा.

फोटो: पोफिरी आणि भाषणांच्या वेळी अजिबात नाही. तिकिटाच्या कार्यक्रमात नाचगाणं सुरू झाल्यावर बहुधा चालतात, पण निवेदक काय म्हणतो ते ऐका. फ्लॅश कुठेच नको. कलाकारांबरोबर फोटो काढताना जीभ काढून पोज देऊ नका. हनुवटीवरचा मोको, म्हणजे गोंदण, अनेक बायकांचा खरा आणि कायमचा असतो, त्याला बोट लावून 'रंग आहे का' असं विचारू नका.

– हॅमिल्टन

---

जेवणाबद्दल.

हांगीत खड्ड्यात तापवलेल्या दगडांवर टोपल्या ठेवतात, ओली फडकी टाकतात, वर माती ओढतात आणि साधारण तीन तास वाफ मुरू देतात. टोपल्या एकावर एक असतात, मांस खाली आणि बटाटे, कुमारा (रताळी), भोपळा वर. म्हणजे भाजी वेगळ्या टोपलीत असली तरी वाफ मांसाचीच. 'शाकाहारी' असं बुकिंगमध्ये लिहिलं तर हीच भाजी मिळू शकते. ज्यांना हे चालणार नाही त्यांनी 'मांसाबरोबर न शिजवलेलं' असं वेगळं, स्पष्ट शब्दांत कळवा. कमीत कमी दोन दिवस आधी, संख्येसकट. ऐन संध्याकाळी सांगून स्वयंपाकघराला काही करता येत नाही, कारण हांगी दुपारीच पुरलेली असते. स्टफिंग आणि रश्शात मांसाचा अर्क असू शकतो, तोही विचारा. जैन कुटुंबांचा प्रश्न निराळा: कुमारा आणि बटाटे दोन्ही जमिनीखालचे. त्यांच्यासाठी फळं, पाव, सॅलड मागा आणि सोबत खाकरे-दशम्या ठेवा, पण त्या बसमध्ये खा.

माराएवर मात्र स्वतःचे डबे उघडू नका. पोफिरीचं शेवटचं अंग म्हणजे एकत्र जेवणं. त्याने विधीतला पवित्र भार उतरतो आणि पाहुणे मोकळे होतात. उपास असेल तरी एक फळ, एक कप चहा घ्यावा. आणि जेवल्यावर आपल्या तरुणांनी न सांगता भांडी पुसायला स्वयंपाकघरात जावं. यजमानांना लांबलचक आभाराच्या भाषणापेक्षा हे जास्त पोचतं. भांडी पुसायची फडकी वेगळी, हात पुसायची वेगळी. ती एकत्र करायची नाहीत, धुवायलाही नाहीत.

– ऑकलंड, पूर्व

---

मंडळी,

नियम पुष्कळ झाले. आता बघायचं काय, ते सांगतो, नाहीतर लोक फक्त हाकाची, म्हणजे त्या आवेशाच्या समूहनाचाची, वाट बघतात आणि बाकीचं वाया जातं.

कापा हाकाच्या स्पर्धेतल्या सादरीकरणाचा क्रम साधारण असा: प्रवेशाचं फाकाएके, मग जुन्या चालीचं गाणं मोतेआतेआ, हातवाऱ्यांचं वायाता-आ-रिंगा, पोइ (दोरीला बांधलेले गोळे फिरवत केलेला नाच), हाका, आणि निरोपाचं फाकावातेआ. पर्यटकांच्या कार्यक्रमात यातले तुकडे असतात. मोतेआतेआ सर्वांत जुनं आणि कानाला सर्वांत अवघड: मोजक्या सुरांत फिरणारी चाल, गिटार नाही, दुहेरी सूर नाही. तिथे आवाजाची धार लक्ष देऊन ऐका. ती कुठे तुटत नाही, कारण गाणारे वेगवेगळ्या जागी श्वास घेतात. मध्येच तुटणं जुन्या काळी अशुभ मानत. या भागात टाळ्यांचा ठेका धरू नका.

वायाता-आ-रिंगात विरी बघा, बोटांची अखंड थरथर. ती मनगटापासून येते आणि हात खाली असला तरी थांबत नाही. पोइ पूर्वी राउपो नावाच्या पाणवनस्पतीच्या पानांचे करत. लांब आणि आखूड अशा दोन दोऱ्यांचे पोइ असतात, आणि तळहातावर, दंडावर आपटण्याचा आवाजच ताल देतो. हाकात जीभ बाहेर काढणं फक्त पुरुषांचं, बायकांचे डोळे आणि हनुवटी बोलतात. पाऊल आपटण्याची वेळ पूर्ण रांगेची एक आहे का, यावरून गट किती तयारीचा आहे ते कळतं.

पिउपिउचा, म्हणजे कमरेच्या झुलत्या घागऱ्याचा आवाज ऐका. हाराकेके नावाच्या लांब पानांच्या झाडाच्या पानावर ठरावीक अंतराने शिंपल्याने वरचा थर खरवडतात, पान उकळतात, वाळताना ते नळीसारखं वळतं. मग काळ्या चिखलात बुडवतात. रंग फक्त खरवडलेल्या धाग्यांना लागतो, उरलेली नळी पिवळसर राहते. त्या नळ्या एकमेकींवर आपटून खळखळतात. पुढच्या रांगेत बसलात तर नक्षी कशी जुळवलीय ते दिसतं, म्हणून ज्येष्ठांना पुढच्या जागा द्या.

शेवटी पुरुषांना हाकासाठी, बायकांना पोइसाठी मंचावर बोलावतात. जरूर जा. नीट शिकवतात, आणि चुकलं तर चालतं. थट्टेने केलं तर मात्र चालत नाही.

इथूनच पुढची गोष्ट निघते, गणेशोत्सवाच्या कार्यक्रमाची. सहलीहून आल्यावर मुलांकडून 'का माते' बसवायची टूम निघेल. तो हाका सुमारे १८२० चा, ङाती तोआ जमातीचे प्रमुख 'ते रौपाराहा' यांचा. २०१४ च्या कायद्याने त्यांचं कर्तृत्व नमूद करणं ठरावीक सार्वजनिक वापरांना बंधनकारक आहे, शिक्षणासाठीच्या वापराला सूट आहे. पण कायदा राहू द्या, यूट्यूबवरून पाहून, चेहरे वेडेवाकडे करून तो मंचावर आणू नये. शाळेत कापा हाका शिकणारी आपलीच मुलं आहेत. त्यांच्या शिक्षकांना विचारून, त्यांनी शिकवलेला, शाळेचा हाका करावा आणि निवेदनात कोणाचा ते सांगावं.

ज्यांना यापुढचं बघायचं असेल त्यांनी मार्चमधला ऑकलंडच्या माध्यमिक शाळांचा पॉलीफेस्ट हा नाचगाण्याचा महोत्सव गाठावा, १९७६ पासून चालतो. माओरी मंचासमोर सकाळीच जागा धरा, कारण गट आत येत असताना ये-जा थांबवतात. 'ते मातातिनी' ही राष्ट्रीय कापा हाका स्पर्धा १९७२ मध्ये रोटोरुआतच सुरू झाली, दर दोन वर्षांनी होते, २०२५ ला न्यू प्लिमथला झाली. तिथे एका गटात चाळीसपर्यंत कलाकार आणि सादरीकरण अर्ध्या तासाच्या आत, वेळ ओलांडली की गुण जातात.

– वेलिंग्टन

---

सर्वांचे आभार. ठरलेलं असं: प्रमुख म्हणून हॅमिल्टनचे काका, एकच वक्ता, एकच गाणं. 'मांसाबरोबर न शिजवलेलं' हवं असणाऱ्यांनी आणि जैन कुटुंबांनी रविवार रात्रीपर्यंत समितीला संख्या कळवावी. माराएला कारांगाच्या सोबतीसाठी सोमवारी फोन करतो आहोत. कोहासाठी माणशी वर्गणी बसमध्ये चढतानाच जमा केली जाईल, सुटे आणावेत.

– सहल समिती